आर्ने सुक्सडॉर्फचं नाव यायलाच हवं

स्वीडिश सिनेमाचा विषय निघाला की दिग्दर्शक इंगमार बर्गमन आणि त्याचे कॅमेरामन, एवढ्यावरच सगळ्यांची गाडी अडलीये म्हणून लिहितोय. आर्ने सुक्सडॉर्फ हा स्वीडिश दिग्दर्शक स्वतःच लिहायचा, कॅमेरा स्वतःच धरायचा, एडिटिंगपण स्वतःच. स्टॉकहोमवरच्या त्याच्या शॉर्ट फिल्मला १९४९ मध्ये ऑस्कर मिळालं, पण खरा बघावा तो 'द ग्रेट ॲडव्हेंचर' (१९५३). दोन पोरं घरच्यांपासून लपवून पाणमांजर पाळतात, गोष्ट एवढीच, पण त्यातलं जंगल, बर्फ, कोल्ह्याची शिकार असं काही टिपलंय की नुसती प्राण्यांची फिल्म म्हणून सोडताच येत नाही.

आणि आपल्या शेजारचं म्हणजे तो बस्तरात येऊन राहिला, मुरिया आदिवासींवर 'द फ्लूट अँड दि ॲरो' (१९५७) केला, संगीत रविशंकरांचं. त्यात वाघासोबत दिसणारा पोरगा चेंद्रू नारायणपूरजवळच्या गढबेंगालचा, त्याला स्वीडनलाही नेलं होतं, नंतर मात्र गावी गरिबीतच आयुष्य गेलं, २०१३ ला वारला. सुक्सडॉर्फ मला कितीही आवडत असला तरी हे मनाला लागतंच. पुढे तो ब्राझीलला गेला, रिओत तरुण पोरांना सिनेमा शिकवला आणि तिथल्या बेघर मुलांवर १९६५ मध्ये फिल्म केली, तीपण नक्की बघा.