मदत हवी आहे - नेट-सेट नसलेल्या प्राध्यापकांची जुनी सेवा

नमस्कार मंडळी, माझी मोठी बहीण 1997 पासून अनुदानित कॉलेजात समाजशास्त्र शिकवते. रीतसर जाहिरात, निवड समितीचा इंटरव्ह्यू, विद्यापीठाची मान्यता सगळं झालेलं, फक्त तेव्हा ती नेट-सेट (प्राध्यापक होण्यासाठीची पात्रता परीक्षा) पास नव्हती. 27 जून 2013 च्या जीआरने 23 ऑक्टोबर 1992 ते 3 एप्रिल 2000 मधल्या अशा लोकांच्या सेवा नियमित केल्या पण जीआरच्या तारखेपासून, म्हणजे आधीची सोळा वर्षं शिकवलं ते कुठे गेलं? आता रिटायरमेंट जवळ आली आणि ऑफिसवाले म्हणतात सेवा 2013 पासून धरली, म्हणजे त्या 1 नोव्हेंबर 2005 नंतर लागलेल्यांमध्ये येतात, म्हणून जुनी पेन्शन नाही. ताईच्या डोळ्यात पाणी येतं हो, मला बघवत नाही.

वकील उमादेवी खटल्याचं (सुप्रीम कोर्ट, 2006, हंगामी कर्मचाऱ्यांना कायम करण्याबद्दलचा) सांगतात, पण मला वाटतं तो निकाल मागच्या दाराने घेतलेल्यांसाठी होता, आणि त्यातही बेकायदा आणि नुसती अनियमित नेमणूक असा फरक केलाय ना?

कुणी हायकोर्टात रिट केलीय का? एकट्याने करावी की ग्रुपने? उशीर झाला म्हणून फेटाळतील का? आणि मूळ मान्यतापत्र हरवलंय, विद्यापीठातून नक्कल मिळते का? अनुभव असेल तर प्लीज सांगा.