प्रतिसाद: बळी की मारेकरी?

युद्धोत्तर जपानी कादंबरीत जपानी माणूस केवळ बळी म्हणूनच येतो, हे मत हिरोशिमाविषयीच्या लेखनापुरते काही अंशी पटते. पण ओओका शोहेई यांची 'नोबी' ही युद्धकादंबरी त्या चौकटीत बसत नाही. फ्रेंच कादंबरीकार स्तांदाल यांचे हे अभ्यासक १९४४ मध्ये, पस्तिशीत, सैन्यात ओढले गेले आणि १९४५ च्या जानेवारीत फिलिपिन्समधील मिंडोरो बेटावर अमेरिकनांच्या हाती सापडले. त्यांचा क्षयग्रस्त नायक तामुरा याला तुकडीतून बाहेर काढताना शिदोरी म्हणून मोजून सहा बटाटे दिले जातात (सैन्याचा हिशेब तो!). पुढे फिलिपिन्समधल्याच लेइते बेटावर भटकताना तो एका निःशस्त्र फिलिपिनो स्त्रीला गोळी घालतो. 'मी कोण, बळी की मारेकरी' हा प्रश्न मला सर्वांत टोकदार वाटला तो त्यानंतर, भुकेला तामुरा प्रेताचे मांस कापायला उजवा हात उचलतो आणि त्याचाच डावा हात ते मनगट घट्ट धरून ठेवतो तेव्हा.