केबलचा आकार रिलेच्या प्रत्यक्ष वेळेवर ठरवावा, की सरसकट १ सेकंद धरून?

धागाकर्ता
मध्यम दाबाच्या केबलचा छेद (वाहकाचे क्षेत्रफळ) काढताना शॉर्ट सर्किट किती वेळ टिकेल या रकान्यात आपण फारसा विचार न करता १ सेकंद लिहितो. ही सवय सोडावी आणि रिले (फॉल्ट ओळखून ट्रिपचा आदेश देणारे उपकरण) व ब्रेकर (करंट तोडणारा स्विच) मिळून फॉल्ट जितक्या वेळात तोडतात तोच काळ धरावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

फॉल्ट करंट २० किलोअँपिअर, केबल ॲल्युमिनियमची आणि एक्सएलपीई (क्रॉसलिंक्ड पॉलिथिलीन) इन्सुलेशनची असे समजू. वाहकाला ९० वरून २५० अंश सेल्सिअसपर्यंत तापू द्यायचे असेल तर गुणांक ९४ येतो. करंटला काळाच्या वर्गमुळाने गुणून ९४ ने भागले की किमान छेद मिळतो. १ सेकंदासाठी तो २१३ चौ. मिमी, म्हणजे २४० ची केबल. आता सीटी (करंट ट्रान्सफॉर्मर) ४००/१, पिकअप (ज्या करंटपासून रिले मोजू लागतो तो) ४०० अँपिअर, स्टँडर्ड इन्व्हर्स वक्र (करंट जास्त तितका वेळ कमी) आणि टीएमएस (त्या वेळेचा गुणक) ०.२५ घ्या, पुढच्या स्विचगियरशी ग्रेडिंग (आधी तो, मग आपला ट्रिप व्हावा असे वेळेचे अंतर) राखायचे असल्याने हायसेट (मोठ्या करंटला तत्काळ ट्रिप) बंद आहे. करंट पिकअपच्या ५० पट असल्याने रिलेला ०.४३ सेकंद लागतात, ब्रेकरचे ०.०६ धरून एकूण ०.४९. त्यासाठी १४९ चौ. मिमी पुरतात, म्हणजे १५० ची केबल. पॅनेलच्या तळाशी बसून २४० ची केबल टर्मिनलपर्यंत वळवलेल्या माणसाला हा फरक समजावून सांगावा लागणार नाही.

टेस्टबेंच
तत्त्व मान्य, पण आपले ०.४३ चुकीचे आहे. सूत्रात ५० पट घातले की ते उत्तर येते हे खरे, मात्र कित्येक न्यूमेरिकल (मायक्रोप्रोसेसरवर चालणाऱ्या) रिलेंमध्ये हा वक्र २० पटींच्या पुढे सपाट होतो, आणि ते सूत्रात नव्हे तर मॅन्युअलमध्ये लिहिलेले असते. २० पटींना वेळ ०.५७ सेकंद येतो. त्यात ब्रेकर मिळवून ०.६३, आणि छेद १६८ चौ. मिमीच्या थोडा वर. आपली १५० ची केबल कागदावर पास झाली, प्रत्यक्षात मात्र १८५ ची हवी होती. ज्या रिलेवर हिशोब बेतला त्याला तो वेळ इंजेक्शन किटवर (रिलेला चाचणीचा करंट देणाऱ्या यंत्रावर) मोजल्याशिवाय मी तरी सही करणार नाही.

खंदकवाला
मला तर हे उदाहरणच १ सेकंदाच्या बाजूचे वाटते. एका तळटीपेने केबल एक आकार वर सरकते, तर पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत काय काय होईल याचा विचार करा. खाली नवा फीडर जोडला जातो, ग्रेडिंग बसत नाही म्हणून कोणी तरी टीएमएस ०.२५ चा ०.३५ करतो, आणि ते करताना जमिनीखालच्या केबलचा हिशोब कोणीही उघडून पाहत नाही. सेटिंग पाच मिनिटांत बदलते, केबल बदलायला खंदक उकरावा लागतो. पाच मिनिटांत बदलणाऱ्या गोष्टीवर न बदलणारी गोष्ट टेकवणे मला पटत नाही.

तंतू
दोघेही ओव्हरकरंटमध्येच (फक्त करंट किती मोठा हे पाहणाऱ्या संरक्षणात) अडकला आहात. दोन्ही टोकांना फायबरवरून जोडलेले डिफरन्शिअल (दोन टोकांच्या करंटमधला फरक पाहणारे संरक्षण) बसवले तर रिले साधारण ३० मिलिसेकंदांत ट्रिप देतो, ब्रेकरसह ०.१ सेकंदाच्या आत सगळे संपते. छेद येतो ६७ चौ. मिमी. त्यानंतर केबलचा आकार शॉर्ट सर्किट नव्हे, तर लोड करंट आणि व्होल्टेज ड्रॉप ठरवतील.

टेस्टबेंच
हे धोकादायक आहे. डिफरन्शिअल फक्त दोन सीटींच्या मधला भाग पाहते. पलीकडच्या बसबारवर फॉल्ट झाला तर तो त्या क्षेत्राबाहेर पडतो, रिले बरोबर गप्प बसतो, आणि तेवढा करंट आपल्या केबलमधून ग्रेडिंगचा पूर्ण काळ वाहत राहतो. ७० ची केबल २० किलोअँपिअर जेमतेम ०.१०८ सेकंद सोसते.

शिवाय फायबर लिंक नेहमी चालू असेल हे आपण गृहीत धरता. ३ किलोमीटरच्या एका लिंकवर लांब पल्ल्याचे लेझर मॉड्यूल बसवलेले मी पाहिले आहे. हिशोबाच्या शीटमध्ये प्रकाशाचे नुकसान २ डेसिबल, मार्जिनचा रकाना हिरवागार. आणि कमिशनिंगला चॅनेल दर काही मिनिटांनी तुटत होते. पाठवलेली शक्ती ० डीबीएम (१ मिलिवॅटच्या तुलनेत डेसिबल), पोहोचलेली उणे २, आणि रिसीव्हरची वरची मर्यादा उणे ८! प्रकाश कमी पडतो का एवढेच शीट तपासत होते, जास्त होतो का हे कोणी विचारलेच नव्हते. १० डेसिबलचा ॲटेन्युएटर (प्रकाश मंद करणारा भाग) लावल्यावर लिंक शांत झाली. तोवर ती केबल केवळ बॅकअप (मुख्य संरक्षण चुकले तर कामी येणाऱ्या) ओव्हरकरंटच्या भरवशावर होती.

सीटीप्रेमी
५० पट करंट रिलेपर्यंत पोहोचतो का, हेही पाहा. १५ व्हीएची (व्होल्ट-अँपिअर, म्हणजे सीटी पेलू शकेल तो भार) ५पी२० सीटी (त्या भारावर २० पट करंटपर्यंत चूक ५ टक्क्यांच्या आत), आतला रोध २ ओहम, २.५ चौ. मिमीची १०० मीटर तांब्याची तार, म्हणजे जाऊन-येऊन सुमारे १.५ ओहम. १ अँपिअर सेकंडरीवर हीच सीटी सुमारे ९० पटींपर्यंत टिकते, त्यामुळे या उदाहरणात अडचण नाही. तीच तार ५ अँपिअरवर वापरली तर एकट्या तारेचे ३७ व्हीए होतात, सीटी २० पटसुद्धा गाठत नाही, आणि रिलेला करंट कमी दिसल्याने वेळ आणखी लांबतो.

धागाकर्ता
२० पटींची चूक माझी, १८५ मान्य. डिफरन्शिअलच्या वेळेवर छेद काढायचा नाही, हेही मान्य. म्हणून माझे म्हणणे सुधारतो: क्षेत्राबाहेरचा फॉल्ट आणि मुख्य संरक्षणाचे अपयश हे दोन्ही धरून बॅकअपला लागणारा सर्वांत मोठा वेळ घ्यावा, तो रिलेवर मोजावा, आणि केबल शेड्यूलमध्ये आकाराशेजारी लिहावा, म्हणजे उद्या टीएमएस वाढवणाऱ्याला मर्यादा समोर दिसेल. १ सेकंद हा आकडा मात्र कोणत्याही रिलेने दिलेला नाही.

खंदकवाला
शेड्यूलमध्ये लिहिलेले वाचले जाते, हा आपला विश्वास मला परवडत नाही. टीएमएस ०.३५ केला तर आपल्या १८५ ला ०.८५ सेकंद सोसावे लागतात आणि छेद १९७ वर जातो. सेटिंग ज्यांच्या हाती आहे त्यांनी १८५ टाकावी. माझ्या फीडरचे सेटिंग दुसऱ्याच्या हाती असते. मी २४० च टाकणार.