जॉन हेन्री खरंच कैदी होता का?

डोंगरवाट

ज्यांना गोष्ट ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: अमेरिकेत रेल्वेचा बोगदा खोदताना जॉन हेन्री नावाचा काळा मजूर वाफेवर चालणाऱ्या ड्रिलशी पैज लावतो. घणाचे घाव घालून तो यंत्राच्या पुढे जातो (बऱ्याच पाठांत त्याचं भोक १४ फूट, यंत्राचं ९) आणि हातातला घण न सोडता मरतो.

या गोष्टीचं लोकगीत मला फार आवडायचं, आता ऐकवत नाही. कारण इतिहासकार स्कॉट नेल्सन यांचं २००६ मधलं संशोधन. गाण्याच्या काही पाठांत जॉन हेन्रीला ‘व्हाइट हाउस’ला नेऊन वाळूत पुरतात आणि शेजारून आगगाडी जाते. नेल्सन यांना व्हर्जिनियातल्या रिचमंडच्या तुरुंगाच्या जुन्या पोस्टकार्डावर पांढरी इमारत दिसली, जवळच रूळ होते. तो तुरुंग १९९० च्या दशकाच्या सुरुवातीला पाडला, तेव्हा तिथे सुमारे ३०० माणसांचे सांगाडे निघाले होते.

तुरुंगाच्या नोंदवहीत एक कैदी आहे. जॉन विल्यम हेन्री, राहणार न्यू जर्सी, वय १९, उंची पाच फूट सव्वा इंच. गुन्हा घरफोडी आणि चोरी, शिक्षा १० वर्षं. १८६८ मध्ये त्याला चेसापीक अँड ओहायो रेल्वेच्या कामावर पाठवलं. १८७४ पर्यंत तो नोंदींतून नाहीसा होतो. सुटला, माफी मिळाली की मेला, कसलाच शेरा नाही. कैदी रेल्वेच्या कामाला देण्याच्या कंत्राटात अट होती की कैदी परत आला नाही तर १०० डॉलर दंड. त्यामुळे मेलेले कैदीसुद्धा परत आणले जात, असं नेल्सन म्हणतात.

१८६५ च्या घटनादुरुस्तीने गुलामगिरी संपवली, पण गुन्ह्याची शिक्षा म्हणून सक्तीच्या मजुरीला मुभा ठेवली. हा पोरगा त्या फटीत सापडला. मुलांना ही गोष्ट ‘जिद्दीचा विजय’ म्हणून सांगणं आपण थांबवायला हवं.

कातळ

पूर्ण असहमत. कैद्यांवर झालेल्या अन्यायाबद्दल दुमत नाही, पण तुम्ही एका नोंदीला एक गाणं बांधून टाकलंत. जॉन आणि हेन्री ही तेव्हाची अगदी सर्रास नावं. त्या कैद्याने घण चालवला असं नोंदवहीत कुठे आहे? शर्यतीचा उल्लेख कुठे आहे?

१९२० च्या दशकात गाय जॉन्सन आणि लुई चॅपेल हे अभ्यासक वेस्ट व्हर्जिनियात टॅल्कॉटजवळच्या बिग बेंड बोगद्यापाशी हिंडले. तो बोगदा १८७० ते ७२ या काळात खोदला, लांबी सुमारे ६,५०० फूट. तांबडा ठिसूळ खडक सारखा ढासळायचा आणि माणसं दबून मरायची. तिथल्या म्हाताऱ्यांनी जॉन हेन्री आम्ही पाहिला असं सांगितलं. एकाने तर तो शर्यतीनंतर लगेच नव्हे, पुढे तापाने गेला असं सांगितलं.

आणि अलाबामा? जॉन्सन यांना तिकडूनही माहिती आली होती. संशोधक जॉन गार्स्ट यांनी तोच धागा धरून १८८७ मधल्या कूसा डोंगराच्या बोगद्याकडे बोट दाखवलं. तिथे डॅबनी नावाचा मुख्य अभियंता होता, आणि तिकडून आलेल्या जॉन हेन्रीबद्दलच्या साक्षींतही जवळपास तेच नाव येतं. हा पुरावा तुमच्या पोस्टकार्डापेक्षा मला वजनदार वाटतो.

शेवंता

दोघांनीही धुळीबद्दल काहीच लिहिलं नाही. माझे वडील दगडखाणीत होते. सुरुंगाची भोकं पाडायची, तीही कोरडी. चाळिशी उलटायच्या आत चढण चढता येईना, रात्रभर खोकला. डॉक्टर क्षय समजून औषधं देत राहिले. फुप्फुसात दगडाची भुकटी बसली होती.

त्या बोगद्यांत एक जण पोलादी पहार धरून प्रत्येक घावानंतर ती थोडी फिरवायचा, दुसरा घण घालायचा. दोघांची तोंडं भोकाच्या वरच. शेजारी ड्रिल सुरू असेल तर धुराळ्याला अंतच नाही. माणूस शर्यतीत कोसळून मेला की दोन वर्षांनी श्वास कोंडून, यात फरक फक्त दिवसांचा. नेल्सनही सिलिकोसिसच, म्हणजे दगडाच्या धुळीने होणारा फुप्फुसांचा आजारच सांगतात, आणि मला त्यांचं तेवढं म्हणणं आतून पटतं.

डोंगरवाट

शेवंताताई, मी धूळ सोडून दिली ही माझी मोठी चूक. वडिलांबद्दल वाचून गलबलून आलं.

कातळ, साक्षी पन्नासेक वर्षांनंतरच्या आहेत. तोवर गाणं सगळीकडे पोचलं होतं. ऐकलेलं आणि पाहिलेलं माणसाच्या मनात एक होऊन जातं. आणि बिग बेंडला वाफेचं ड्रिल आलं होतं, याला कागद सापडत नाही. त्याच चेसापीक अँड ओहायो रेल्वेच्या, पूर्वेकडच्या लुईस बोगद्यात मात्र कैदी आणि ड्रिल शेजारी शेजारी काम करत होते, हे कंपनीच्याच कागदांत आहे.

कातळ

लुईसचा मुद्दा मान्य, तो खोडता येणार नाही. पण माझा विरोध वेगळ्या गोष्टीला आहे. हे गाणं ज्यांनी जपलं ते स्वतः घण चालवणारे काळे मजूर होते. त्यांनी त्याला धिप्पाड, ताठ मानेचा केला. ती त्यांची निर्मिती आहे. ती काढून घेऊन जागी पाच फुटी कैदी उभा करायचा अधिकार आपल्याला कुणी दिला?

शेवंता

पण त्याच मजुरांची घणाच्या तालावरची जुनी गाणी बघा ना. त्यांत यंत्र हरल्याचा जल्लोष नाही. या घणाने जॉन हेन्रीला मारलं, मला मारू देणार नाही, असं म्हणतात ती. ताल संथ असतो, म्हणजे सगळ्यांचा घाव एकदम पडतो आणि कोणी एकटा पुढे धावत नाही. वडिलांच्या खाणीतही असंच होतं. नवा पोरगा जोरात घण मारायला लागला की म्हातारे त्याला थांबवून पाणी प्यायला पाठवायचे.

डोंगरवाट

हे मला ठाऊक नव्हतं. नोंदवहीतला तो मुलगा हाच जॉन हेन्री, हा माझा आग्रह मी सोडते. तो कामावर मेला असेल तर त्याचं नाव कुठेतरी कोरलेलं असावं, हा सोडणार नाही. टॅल्कॉटला १९७२ पासून पुतळा आहे, पण तो गाण्यातल्या धिप्पाड माणसाचा.