कॅमेरा दाराबाहेरच ठेवलाय, हट्ट सोडू का?

कवडसा:
माझी पहिली शॉर्टफिल्म एडिटिंगला आहे, १७ मिनिटांची. गोष्ट माझीच. मी आठ वर्षांची असताना आईबाबा वेगळे झाले. त्या वर्षातलं एकही भांडण मी पाहिलेलं नाही, सगळी ऐकली. झोपल्याचं सोंग घेऊन, बंद दाराच्या अलीकडून. दाराखालच्या फटीतून उजेडाची पट्टी यायची आणि तिच्यात दोघांच्या सावल्या हलायच्या. म्हणून कॅमेरा आतल्या खोलीत एकदाही नेला नाही. जमिनीपासून जेमतेम चार फुटांवर, मुलीच्या नजरेच्या उंचीला, तो बाहेरच आहे.

एडिटर म्हणतो, प्रेक्षकाला काही कळत नाहीये. आतला एक सीन शूट कर, नाहीतर व्हॉइसओव्हर टाक. तो अनुभवी आहे, त्याचं म्हणणं उडवून लावणार नाही. पण आत काय झालं हे मला आजही माहीत नाही. ते दाखवू कसं?

बूममाइक:
संवाद स्टुडिओत डब करून वर फिल्टर लावलाय का? मग गडबड तिथेच असणार. बंद दार उंच कंपनांचा आवाज जास्त अडवतं, खर्जातला बराच सोडतं. त्यामुळे स, च, त अशी व्यंजनं गळतात. हेल, स्वर, मधलं थांबणं मात्र पोचतं. शब्द कळले नाहीत तरी राग कळतो. नुसत्या फिल्टरने खोलीचा घुमारा येत नाही. कलाकारांना खरंच आत बसवा, दार लावा, माइक बाहेर ठेवा. त्याच जागेचा मिनिटभर रूमटोनही, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, घ्या, जोडकामाला लागतोच.

निळीशाई:
व्हॉइसओव्हरला सरसकट नाही म्हणू नका. फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दांनी 'द ग्लीनर्स अँड आय' या माहितीपटात (२०००) छोट्या डिजिटल कॅमेऱ्याने स्वतःचाच सुरकुतलेला हात टिपलाय, आणि त्यावर बोलल्यात त्याच. तिथे ते बोलणं म्हणजे आपल्या म्हातारपणाकडे पाहणं आहे. तुमचा एडिटर मागतोय तो खुलासा, आणि तो या फिल्मला मारेल असं मला वाटतं.

गोष्ट ठाऊक नसलेल्या चारपाच जणांना कट दाखवा. "आवडली का" विचारू नका, "काय घडलं ते सांगा" म्हणा.

कवडसा:
बूममाइक, डबच केलं होतं! रविवारी दोघांना परत बोलावलं, दार लावलं, मी बाहेर हेडफोन लावून बसले. तिसऱ्या टेकला पोटात गोळा आला, तोच घेतलाय.

मग पाच जणांना दाखवलं. तिघांनी बरोबर ओळखलं. एकाला वाटलं, आत कुणी आजारी आहे. पाचवीने विचारलं, "मुलगी दार का वाजवत नाही?" हे मला आजवर कुणी विचारलं नव्हतं. अजून उत्तर शोधतेय.

आतला सीन करत नाही, व्हॉइसओव्हरही नाही. पण सकाळी आई दार उघडून बाहेर येते तो शॉट मी चार सेकंदांवर कापला होता. एडिटर म्हणाला, इतक्या घाईने तिच्यावरून नजर का काढतेस? आता अकरा सेकंद ठेवलाय.