फाइना रानेव्स्काया यांच्यावर अभिवाचन : विनोदी वचने वगळून काय घ्यावे?

धंतोलीकर यांचा प्रश्न

नमस्कार. नागपुरात आम्हा सात-आठ नाट्यवेड्या मंडळींचा एक गट आहे आणि दर महिन्याला धंतोलीत एका सभासदाच्या घरी आम्ही एखाद्या परदेशी रंगकर्मीवर पाऊण तासाचे अभिवाचन करतो. या खेपेस माझ्या वाट्याला रशियन अभिनेत्री फाइना रानेव्स्काया (1896–1984) आल्या आहेत. अडचण अशी की त्यांच्याविषयी काही शोधायला जावे तर म्हातारपण, पुरुष, डॉक्टर आणि दिग्दर्शक यांच्यावरची शेकडो चटकदार वचनेच हाती लागतात, आणि त्यांपैकी बरीचशी नंतर कोणीतरी त्यांच्या तोंडी घातली असावीत असा दाट संशय येतो. भूमिकांची यादी पाहिली, तर नवरीची आई, सावत्र आई, खाणावळवजा घराची मालकीण, घरकाम पाहणारी बाई. चित्रपटात नायिका एकदाही नाही. असे असूनही 1961 मध्ये त्यांना सोव्हिएत संघाच्या 'लोककलावंत' या सर्वोच्च पदवीने गौरवले गेले आणि रशियात त्यांचे नाव आजही घरोघरी घेतले जाते.

केवळ जिभेच्या धारेवर एवढे नाव होत नाही, असे मला वाटते. जाणकारांनी त्यांच्या अभिनयाविषयी आणि आयुष्याविषयी सांगावे, म्हणजे वाचनाला कणा मिळेल.

जुना प्रेक्षक यांचा प्रतिसाद

आपला संशय योग्य आहे. वचने बाजूला ठेवावीत आणि सुरुवात तागानरोगपासून करावी. अझोव्ह समुद्राकाठचे हे शहर नाटककार चेखवचे जन्मगाव, आणि रानेव्स्काया यांचेही. त्यांचे मूळ आडनाव फेल्डमन. वडील रंगाच्या कारखान्याचे मालक, सधन ज्यू गृहस्थ. मुलीने नाटकात जाणे घरी मान्य नव्हते. 1915 मध्ये त्या मॉस्कोला आल्या, पण नामवंत नाट्यशाळांपैकी एकीनेही त्यांना प्रवेश दिला नाही. बोलताना त्या अडखळत, हेही येथे लक्षात घ्यावे. रंगमंचावर मात्र हे अडखळणे नाहीसे होई. शेवटी येकातेरिना गेल्त्सर या विख्यात नर्तिकेच्या ओळखीने मॉस्कोजवळच्या मलाखोव्का येथील उन्हाळी रंगभूमीवर त्यांना किरकोळ कामे मिळू लागली.

तेथली एक आठवण त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे आणि माझ्या मते आपल्या अभिवाचनाचा आरंभ तिनेच व्हावा. एका नाटकात त्यांना एकही वाक्य नव्हते. मी काय करू, असे त्यांनी प्रमुख नट पेव्त्सोव्ह यांना विचारले, तेव्हा ते म्हणाले, माझ्यावर मनापासून प्रेम करा, बाकी काही नको. त्या सबंध नाटकभर तसे करीत राहिल्या आणि पडदा पडल्यावरही त्यांना रडू आवरेना. ज्या नटीला पुढे आयुष्यभर दहा-पंधरा मिनिटांच्या भूमिकाच अधिक मिळायच्या होत्या, तिला बिनशब्दांच्या भूमिकेने दिलेला हा पहिला धडा आहे.

'रानेव्स्काया' हे नाव चेखवच्या 'चेरीची बाग' या नाटकातील जमीनदारीणबाईंचे. एकदा घरून आलेल्या पैशांच्या नोटा त्यांच्या हातून वाऱ्याने उडाल्या, तेव्हा उडत्या पैशांकडे पाहून त्या हळहळण्याऐवजी कौतुक करू लागल्या आणि सोबतच्या माणसाने त्यांना त्या पात्राची उपमा दिली, अशी कथा सांगितली जाते. कथा खरी असो वा रचलेली, नाव मात्र चपखल बसले. 1917 मध्ये कुटुंब देश सोडून गेले. या एकट्या मागे राहिल्या. त्याच सुमारास पावला वुल्फ या ज्येष्ठ अभिनेत्रीने त्यांना आपल्या घरात घेतले, शिकवले, यादवी युद्धाच्या काळात क्रीमियातील दुष्काळात त्या दोघी एकत्र तगल्या, आणि 1961 मध्ये वुल्फ वारल्या तोवर हे नाते टिकले. रानेव्स्काया यांनी लग्न केले नाही. माझ्या दृष्टीने त्यांच्या आयुष्यातील खरे कुटुंब हेच होय.

चित्रपटाकडे त्या उशिरा वळल्या. 1934 मध्ये मिखाईल रोम यांनी मोपासाँच्या कथेवर काढलेल्या मूकपटात त्या प्रथम दिसल्या, तेव्हा वय अडतीस होते. रोम यांच्याच 'स्वप्न' या चित्रपटात (चित्रण 1941, प्रदर्शन 1943) त्यांनी रोझा स्कोरोखोद ही घरमालकीण रंगवली आहे. पै-पैसाठी भाडेकरूंशी हुज्जत घालणारी आणि मुलासाठी जीव टाकणारी ही बाई एकाच वेळी चीड आणि कणव जागी करते. माझ्या मते पडद्यावरचे त्यांचे सर्वश्रेष्ठ काम हेच.

यापुढचा प्रसंग मात्र कडू आहे. 'इव्हान द टेरिबल' या चित्रपटासाठी दिग्दर्शक आयझेनश्टाइन यांना स्तारित्स्काया या सरदारीणीच्या मोठ्या भूमिकेत रानेव्स्काया हव्या होत्या, परंतु 1942 मध्ये चित्रपट खात्याच्या प्रमुखांनी त्यांचा चेहरा, विशेषतः जवळून घेतलेल्या दृश्यांत, ज्यू दिसतो असे कारण लेखी नोंदवून नकार दिला. छोट्या भूमिकांच्या यादीमागे अशी कारणेही असतात, हे आपल्या श्रोत्यांना अवश्य सांगावे.

वडसा एक्सप्रेस यांचा प्रतिसाद

वरील प्रतिसाद उत्तम आहे, फक्त एक पुस्ती जोडतो. 'नायिका एकदाही नाही' हे चित्रपटापुरते खरे आहे. रंगभूमीवर त्यांनी 1936 मध्ये लाल सेनेच्या नाट्यगृहात गॉर्कीच्या 'वास्सा झेलेझ्नोवा'ची शीर्षक भूमिका केली होती. त्यामुळे सगळा दोष खात्याच्या माथी मारणे मला पटत नाही. बाईंचा स्वभावही तडजोडीचा नव्हता. मॉस्कोतील मोस्सोव्हेत नाट्यगृहात त्या 1949 मध्ये आल्या, 1955 मध्ये सोडून पुश्किन नाट्यगृहात गेल्या आणि 1963 मध्ये परतल्या. प्रमुख दिग्दर्शक युरी झावाद्स्की यांच्याशी त्यांचे खटके प्रसिद्धच होते.

मी पूर्व विदर्भातील झाडीपट्टीची नाटके लहानपणापासून पाहत आलो आहे. तिकडे रात्री सुरू झालेला प्रयोग पहाटेपर्यंत चालतो, आणि नायक-नायिकेचे दुःख शिगेला पोचले असताना विनोदी नट एका प्रवेशापुरता येऊन मंडप ताब्यात घेतो, तेव्हा पुढच्या प्रवेशातील नायकाची काय अवस्था होते हे मी प्रत्यक्ष पाहिले आहे. 'वादळ' या क्रांतिकाळावरील नाटकात रानेव्स्काया मान्का नावाच्या काळाबाजारवालीची एकाच प्रवेशाची भूमिका करीत. तिची बरीच वाक्ये त्यांनी स्वतःच रचली होती. पकडून आणलेली ही बाई चौकशी अधिकाऱ्यासमोर शालीच्या आणि स्कर्टांच्या थरांत गुंडाळलेली बसते, आधी लाडीगोडी लावते, मग धमकावते. लोक तेवढ्यासाठी येत आणि तो प्रवेश संपला की उठून जात, म्हणून झावाद्स्की यांनी अखेर तो प्रवेशच काढून टाकला, असे सांगतात. दिग्दर्शकाच्या बाजूने विचार केला तर त्यांचे फारसे चुकले असेही म्हणवत नाही.

छोटी भूमिका त्या कशी वाढवत, हे पाहायचे असेल तर 1947 च्या 'सिंड्रेला'तील सावत्र आई पाहावी. राजवाड्यातील नृत्यसमारंभात ही बाई राजपुत्राने मुलीकडे किती वेळा पाहिले, किती वेळा हसला, याचा हिशेब वाण्याच्या चोपडीसारखा टिपून ठेवायला लावते. त्या दृश्यात त्या हसवण्याचा कसलाही प्रयत्न करीत नाहीत. अगदी गंभीरपणे बेरीज करतात. हसू येते ते त्या गांभीर्यामुळे.

धंतोलीकर

दोघांचे मनःपूर्वक आभार. मलाखोव्काच्या प्रसंगापासून आरंभ करण्याचे नक्की केले. आणखी एक शंका आहे. 1939 च्या 'सापडलेले मूल' या चित्रपटातील त्यांचे नवऱ्याला उद्देशून असलेले वाक्य सगळीकडे उद्धृत होते, त्याचे मराठी काय करावे? 'मुल्या, मला अस्वस्थ करू नकोस' हे फारच पुस्तकी वाटते. आणि शेवट कशाने करावा?

जुना प्रेक्षक

नागपूरच्या श्रोत्यांसाठी 'मुल्या, माहं डोस्कं नको खाऊ' असे सरळ म्हणावे. नवऱ्याला दामटणाऱ्या त्या बाईचा ठसका प्रमाण भाषेत यायचा नाही. हे वाक्य सांगताना एक गोष्ट जरूर जोडावी : रस्त्यावरची पोरे मागे लागून हेच वाक्य ओरडत आणि रानेव्स्काया यांना त्याचा मनस्वी तिटकारा आला होता. इतक्या कामांतून लोकांनी नेमके तेवढेच लक्षात ठेवावे, ही बोच त्यांना होती. आपल्याला वचनांविषयी जी अडचण जाणवली, तिचे मूळ येथेच आहे.

शेवटासाठी 'पुढे शांतता' हे नाटक घ्यावे. अनातोली एफ्रोस यांनी 1969 मध्ये मोस्सोव्हेतसाठी बसवलेल्या या नाटकात मुलांनी आईवडिलांना आपापल्या घरांत वाटून घेतल्यामुळे म्हातारपणी एकमेकांपासून तुटणाऱ्या जोडप्याची गोष्ट आहे. रानेव्स्काया पत्नी, रोस्तिस्लाव प्ल्याट पती. त्याचे 1978 चे दूरचित्रवाणीसाठी केलेले चित्रण उपलब्ध आहे. शक्य असल्यास त्यातील निरोपाचा प्रसंग पाच मिनिटे नुसता दाखवावा आणि त्यावर भाषांतर वाचू नये. रशियन न येणाऱ्यालाही त्या काय बोलतात ते कळते. मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा मलाही येत नव्हते.

वडसा एक्सप्रेस

सहमत आहे. फक्त त्या खोलीतला कूलर तेवढा वेळ बंद ठेवावा. प्ल्याट फार हळू बोलतात.