शिंगीला रंकाळ्यात कशाला उतरवलंत?

गोष्टवेल्हाळ
पाच ते आठ वर्षांच्या मुलांसाठी 24 पानी विनोदी चित्रकथा लिहिली आहे. मुऱ्हा जातीच्या म्हशींच्या गोठ्यात शिंगी ही एकटीच पंढरपुरी जातीची. बाकीच्यांची शिंगं जिलबीसारखी वळलेली, हिची थेट खांद्यापर्यंत. सगळ्या हसतात. ती शिंगं लपवायला तीन युक्त्या करते, तिन्ही फसतात. मग कोल्हापूरच्या रंकाळा तलावात एक रेडकू बुडायला लागतं, शिंगी त्याला शिंगांनी ओढून काढते आणि गोठा तिला डोक्यावर घेतो. ‘आहेस तशी छान आहेस’ हा कुरूप पिल्लाच्या गोष्टीतला संदेश आपल्या मातीत आणलाय. शिंगी कोल्हापुरी बोलते, त्यामुळे हशा हमखास. मतं कळवा.

खडूफळा
म्हशीची जात आणि पाण्यात बुडते? कोल्हापुरात हे छापलंत तर पहिलीतलं पोर तुमची शिकवणी घेईल. ते राहू दे. ‘आहेस तशी छान’ यात आहे कुठं? शिंगं कामाला आली म्हणून तिला आत घेतली. रेडकू बुडलंच नसतं तर? वर्गात जाड भिंगाचा चष्मा असलेलं नाहीतर बोलताना अडखळणारं एक पोर असतंच. त्याला यातून एवढंच कळतं, की आधी कुणाचा तरी जीव वाचवायचा, मग डबा खायला बोलावतील.

आणि कुरूप पिल्लाची गोष्ट लिहिणाऱ्या अँडरसनला मध्ये ओढू नका. 1843 सालची ती गोष्ट स्वतःला स्वीकारण्याची नाहीच. पिल्लू बदक म्हणून कुणालाच चाललं नाही, हंस निघालं म्हणून सुटलं. अंडं हंसाचं असेल तर बदकांच्यात जन्मलास तरी बिघडत नाही, असं ती गोष्ट उघड सांगते. म्हणजे शेवटी घराणंच! खरी गंमत मधे आहे, आणि आपण पिल्लाला गदिमांच्या गाण्यातून ओळखतो म्हणून ती आपल्याला ठाऊक नसते. पिल्लू एका म्हातारीच्या झोपडीत शिरतं. तिथली कोंबडी विचारते, अंडी घालता येतात? नाही? मग तोंड मिट. बोका विचारतो, पाठीची कमान करता येते? घुरघुरता येतं? नाही? मग शहाणी माणसं बोलताना तू मत द्यायचं नाहीस. हसू पिल्लाचं येत नाही, त्या दोघांच्या तोऱ्याचं येतं. तुमच्या मुऱ्हांच्या तोंडी असलं एक तरी वाक्य आहे का?

गोष्टवेल्हाळ
वाचवणं नको, संदेश नको, मग गोष्ट संपवायची कशी? ‘ती तशीच राहिली’ म्हटलं की पोरं विचारतात, मग पुढं? पुन्हापुन्हा फसलेला शेवटी जिंकतो, हा लोककथेचा कणा आहे. टीका करायला काय जातंय.

पानपलट
शेवट तुमच्या दुसऱ्या युक्तीतच पडलाय, तुम्हाला दिसेना झालाय. मसुदा वाचला. युक्ती पहिली, रात्रभर ओल्या गोणपाटाचे पिळे बांधून शिंगं वळवणं. दुसरी, शिंगांवर कडब्याच्या पेंढ्या ठेवणं, आणि शेजारणी तो कडबा खाऊन टाकतात. हे झकास आहे! हसू बेतावर येतं, शिंगांवर नाही. तिसरीत मात्र ती दारात अडकते आणि सगळ्या खिदळतात. तिथं हसू अंगावर गेलं. तिसरी युक्ती काढा आणि कडबा शेवटाला न्या. दुसऱ्या दिवशी मुऱ्हा स्वतःच्या शिंगांवर पेंढी ठेवून बघतात, ती घसरते, परत ठेवतात, परत घसरते. शिंगी हसते, त्याही हसतात. संपलं. कुणाचा जीव वाचवायला नको.

दुसरं, पानांची मांडणी. पुस्तकात विषम पान उजवीकडे येतं. बेत उजव्या पानावर तोडायचा, फजिती पान उलटल्यावर. पान 7 वर गोणपाट बांधला, पान 8 वर काय झालं. तुम्ही बेत 8 वर आणि फजिती समोरच 9 वर ठेवलीय. पोर मजकूर वाचायच्या आधी चित्र बघतं, विनोद तिथंच मेला. मजकूरही कापा. पानाला 25 ते 30 शब्द बस्स, तुमच्या काही पानांवर 80 आहेत.

करवीरकाठ
सगळे शिंगांवर बोलायलाय, भाषेवर कोणीच नाही. शिंगी एकटी कोल्हापुरी बोलते आणि मुऱ्हा पुस्तकी मराठी. मुऱ्हा मूळच्या हरियाणाच्या की हो! त्या शुद्ध बोलणार आणि इथली म्हैस ‘लई’ म्हणाली की हशा? ‘हशा हमखास’ लिहिताना काही वाटलं न्हाई?

शुद्धलेखनवाला
ज्याच्या त्याच्यात अस्मिता. पहिलीतलं मूल अक्षरं जुळवून वाचतं. पाठ्यपुस्तकात ‘मी येते’ आणि गोष्टीत शिंगी म्हणते ‘मी येतो’. मूल गोंधळणार नाही? नागपूरच्या आईला तर छपाईची चूक वाटेल.

करवीरकाठ
कोल्हापुरात आई, आजी, मावशी ‘मी आलो, मी जातो’ म्हणतात. मूल घरात ऐकतं तेव्हा गोंधळत न्हाई, छापल्यावर कसं गोंधळेल? आपल्या आजीचं बोलणं पुस्तकात सापडलं तर ते पुस्तक त्याला आपलं वाटेल. तुमचा नागपूरचा ग्राहक सांभाळायला आमच्या पोरींनी तोंड धुऊन यायचं काय?

शुद्धलेखनवाला
भाषणं बंद करा. उद्या ‘न्हाई’, ‘व्हय’, ‘जायलाय’ सगळं उच्चाराबरहुकूम छापाल आणि पोर दुसऱ्या ओळीत पुस्तक मिटेल.

पानपलट
ह्या एका गोष्टीत ते बरोबर आहेत, नाइलाजानं म्हणतो. निवेदन प्रमाण ठेवा, संवाद सगळ्यांचेच कोल्हापुरी, मुऱ्हांचेसुद्धा. क्रियापदाची रूपं पहिल्यापासून शेवटपर्यंत एकसारखी. उच्चाराची वेगळी रूपं पानाला दोन-तीनच. उरलेला ठसका ‘चल की’, ‘बघ की’ यातून येतो, त्यात अडखळायला काही नाही.

खडूफळा
मूळ मुद्दा बोलीत वाहून गेला. पण मुऱ्हा कोल्हापुरीत तोरा मिरवणार असतील तर माझी हरकत नाही. “तुझी शिंगं वळत्यात काय? न्हाई? मग वैरणीचं आमी ठरवतो.” घ्या, फुकट दिलं.

गोष्टवेल्हाळ
रंकाळा काढतो. पण शेवट दिवाळीच्या पाडव्याचा करतो. कोल्हापुरात कसबा बावड्यात त्या दिवशी म्हशी सजवून पळवतात, शिंगीची शिंगं रंगवून मोरपिसं लावायची आणि पहिलं बक्षीस.

खडूफळा
बक्षीस! जीव वाचवणं गेलं, ढाल आली. आत येण्याचं तिकीट पुन्हा आहेच. पाडव्याला सगळ्यांचीच शिंगं रंगतात, तेवढंच दाखवा. आणि पंढरपुरीची शिंगं एवढी वाढायला काही वर्षं लागतात. तुमच्या चित्रात ती आईला पिणाऱ्या रेडकाएवढी दिसते, तेही बघा.

गोष्टवेल्हाळ
बरं. रंकाळा नाही, रेडकू नाही, बक्षीस नाही, शिंगीचं वय वाढवलं. चित्रकार आता पान 4 पासून परत काढणार. त्याचं बिल तुम्हा चौघांत कसं वाटून घेताय, तेवढं सांगा.